विश्लेषण : गल्ली रॅपच्या आधी माइक कोणाच्या हातात होता? ‘बुगी वुगी’ ते ‘मुंभाई’, जावेद जाफरी यांची गोष्ट

लग्नसराईत नंदुरबार जिल्ह्यातल्या कोरीटसारख्या गावात वरात निघाली की डीजेच्या गाडीपुढे दोन तऱ्हेचा नाच बघायला मिळतो. आधी टिमली. सगळे रांगेत, पाय एकाच ठेक्यावर, कुणी एकटा पुढे नाही. मग गाणं बदलतं, रांग मोडते, रिंगण होतं आणि एखादा पोरगा मधे शिरतो. खांद्यापासून बोटापर्यंत हातातून लाट काढतो, छाती झटक्यात थांबवतो, एक हात जमिनीवर टेकवून पाय फिरवतो. कुठे शिकलास, असं विचारलं तर उत्तर ठरलेलं असतं : मोबाइलवर.

पण मोबाइल येण्याच्या कितीतरी आधी ही लाट, हा झटका आणि हे रिंगण भारतातल्या घराघरांत पोहोचलं होतं. ते टीव्हीच्या डबड्यातून आलं आणि ते आणणाऱ्यांत एक नाव ठळक आहे, जावेद जाफरी. आजच्या विशीतल्या वाचकाला ते ‘धमाल’मधला भोळा मानव किंवा ‘ताकेशीज् कॅसल’चा अतरंगी आवाज म्हणून माहीत असतात. नव्वदच्या दशकात मात्र ते तरुणांच्या टीव्हीचा चेहरा होते. नाचणाऱ्या पोरांना मंच देणारे आणि मुंबईच्या रस्त्यावरच्या भाषेत रॅप करणारे. ‘गली बॉय’ यायच्या तब्बल २१ वर्षं आधी.

हिप-हॉप म्हणजे फक्त रॅप का?

नाही. इथेच बहुतेकांचा गोंधळ होतो. हिप-हॉप ही एक अख्खी संस्कृती आहे आणि तिची चार अंगं मानली जातात : डीजे, एमसी म्हणजे रॅपर, ब्रेकिंग हा नाच आणि भिंतीवरची ग्राफिटी. जन्मतारीखही साधारण ठरलेली आहे, ११ ऑगस्ट १९७३. न्यूयॉर्कच्या ब्रॉन्क्स भागात सेजविक अव्हेन्यूवरच्या १५२० क्रमांकाच्या इमारतीत एका मुलीने शाळा सुरू होण्याआधी पार्टी ठेवली होती. संगीत वाजवायला होता तिचा भाऊ, जमैकात जन्मलेला क्लाइव्ह कॅम्पबेल. जग त्याला डीजे कूल हर्क म्हणून ओळखतं.

हर्कच्या लक्षात आलं होतं की गाण्यात गायक थांबतो आणि फक्त ढोल-बास उरतो, त्या काही सेकंदांतच लोक जीव तोडून नाचतात. त्या तुकड्याला ‘ब्रेक’ म्हणतात. मग त्याने एकाच रेकॉर्डच्या दोन प्रती दोन टर्नटेबलवर लावल्या. एकीवरचा ब्रेक संपत आला की दुसरीवरचा सुरू करायचा आणि तेवढ्यात पहिली मागे फिरवून ठेवायची. कॉम्प्युटरवाले याला लूप म्हणतील. फरक इतकाच, की हा लूप माणसाच्या बोटांवर चालत होता. त्या ब्रेकवर नाचणारे ते बी-बॉय आणि बी-गर्ल.

आता ‘एमसी’ या शब्दाकडे बघा, कारण या लेखाचा सगळा धागा तिथे आहे. एमसी म्हणजे ‘मास्टर ऑफ सेरेमनीज’, आपल्या भाषेत कार्यक्रमाचा सूत्रधार. हर्कच्या पार्ट्यांमध्ये कोक ला रॉक नावाचा त्याचा मित्र माइक घेऊन उभा राहायचा. तो गाणी गात नव्हता. आलेल्या मित्रांची नावं पुकारायचा, चिडवायचा, चढवायचा, मधेच एखादं यमक सोडायचा. त्या पुकाऱ्यातून पुढे रॅप उभा राहिला. म्हणजे रॅपर आणि निवेदक ही दोन वेगळी घराणी नाहीत. रॅपर हा मुळात निवेदकच होता.

खानदेशातल्या वाचकाला हे नवल वाटायचं कारण नाही. नंदुरबार-नवापूरकडच्या सोंगाड्या पार्टीत ढोलकीच्या आणि नाचाच्या मधल्या जागेत लोकांना बोलतं-हसतं ठेवणारा माणूस असतोच. तमाशातला सोंगाड्या तेच करतो. वाजवणारा वाजवतो, नाचणारा नाचतो आणि एक जण प्रेक्षक आणि मंच यांच्यामधली दोरी धरून ठेवतो.

टीव्हीवर हिप-हॉप सगळ्यात आधी कोणी आणलं?

अमेरिकेत न्यूयॉर्कच्या एका सार्वजनिक वाहिनीवर राल्फ मॅकडॅनियल्स यांनी ऐंशीच्या दशकाच्या सुरुवातीला ‘व्हिडिओ म्युझिक बॉक्स’ सुरू केलं. मोठ्या वाहिन्यांनी रॅपला दार उघडायच्या आधीची ही गोष्ट. पण जास्त गंमतीदार उदाहरण फ्रान्सचं आहे. १९८४ मध्ये तिथल्या टीएफ १ या मोठ्या वाहिनीवर सिडनी नावाच्या निवेदकाने दर आठवड्याला ‘हिप हॉप’ याच नावाचा कार्यक्रम केला. जगातला असा हा पहिला नियमित राष्ट्रीय कार्यक्रम मानला जातो. सिडनी त्यात नाचाचे धडे द्यायचा. कार्यक्रम वर्षभरातच बंद पडला, पण तो बघून नाचायला लागलेली पोरं थांबली नाहीत. आज फ्रान्स रॅपची जगातली एक मोठी बाजारपेठ आहे.

एमटीव्हीचं ‘यो! एमटीव्ही रॅप्स’ त्यानंतर, ऑगस्ट १९८८ मध्ये आलं. त्याचा निवेदक फॅब फाइव्ह फ्रेडी स्वतः ग्राफिटी कलाकार होता. स्टुडिओत बसून गाणी लावण्यापेक्षा तो कॅमेरा घेऊन रॅपरच्या वस्तीत जायचा. निवेदकाला ती दुनिया आतून माहीत असली की काय फरक पडतो, ते तिथे दिसलं.

भारतात हे दार कधी उघडलं?

१९९१ मध्ये स्टार टीव्ही आला आणि त्याच्याबरोबर एमटीव्ही. १९९४ मध्ये दोघांचं फाटलं, एमटीव्ही बाहेर पडलं आणि स्टारने स्वतःचं चॅनल व्ही सुरू केलं. १९९६ मध्ये एमटीव्ही भारतात पुन्हा आलं. या धामधुमीत ‘व्हीजे’ नावाची एक नवीन जमात जन्मली. अर्धं इंग्रजी, अर्धं हिंदी बोलणारी, दूरदर्शनच्या निवेदिकांसारखी सरळ बसून न बोलणारी.

खेड्यात मात्र तेव्हा अँटेनाचं राज्य होतं. तिथे रॅप पोहोचवला तो दुसऱ्याच एका निवेदकाने. बाबा सहगल हे मूळचे लखनौचे, शिक्षणाने इलेक्ट्रिकल इंजिनीअर, दिल्लीच्या वीज उपक्रमात नोकरी केलेले. (आमच्या बिरादरीतले लोक कुठे कुठे सापडतात बघा.) १९९२ मध्ये त्यांचा ‘ठंडा ठंडा पानी’ आला. त्याची चाल व्हॅनिला आइसच्या गाण्यावर बेतलेली आणि त्या गाण्याचा बास क्वीन व डेव्हिड बोवी यांच्या गाण्यातून उचललेला. म्हणजे नक्कलेची नक्कल. पण दूरदर्शनच्या मेट्रो वाहिनीवर ‘सुपरहिट मुकाबला’ सादर करताना त्यांनी यमक जुळवत बोलायची जी ढब आणली, ती तेव्हाच्या पोरांना पाठ झाली. रॅप म्हणजे गमतीदार, वेगात म्हटलेलं बडबडगीत अशी आपल्याकडे समजूत झाली, तिची मुळं इथलीच. त्याआधीचं उदाहरण म्हणून ‘आशीर्वाद’ (१९६८) या चित्रपटातल्या अशोक कुमार यांच्या ‘रेल गाडी’चं नावही नेहमी घेतलं जातं. वेग होता, यमक होतं. पण बोलणारा माणूस कुठला, त्याची गल्ली कोणती, हे त्यात नव्हतं.

जावेद जाफरी इथे कुठे बसतात?

जन्म ४ डिसेंबर १९६३, मुंबई. वडील जगदीप, म्हणजे ‘शोले’तले सूरमा भोपाली. पहिला चित्रपट सुभाष घईंचा ‘मेरी जंग’ (१९८५). त्यात जावेद खलनायकाच्या बाजूचे होते, पण लोकांच्या लक्षात राहिला तो त्यांचा नाच. तेव्हा ‘ब्रेकिन’’ आणि ‘बीट स्ट्रीट’ हे १९८४ चे अमेरिकी चित्रपट व्हिडिओ कॅसेटवरून जगभर फिरत होते आणि मोठ्या शहरांतली पोरं कॅसेट मागे-पुढे करून स्टेप शिकत होती. हिंदी चित्रपटात नायकाला नाच येणं तोवर सक्तीचं नव्हतं. जावेद यांना येत होता, तरी नायक म्हणून गाडी फारशी पुढे गेली नाही.

गाडी पुढे गेली ती टीव्हीवर. चॅनल व्हीवर त्यांनी ‘व्हिडिओकॉन फ्लॅशबॅक’ सादर केलं. (प्रायोजक आपल्या औरंगाबादचा, आता छत्रपती संभाजीनगरचा, टीव्ही संच बनवणारा. मराठवाड्यात बनलेल्या डब्यावर मुंबईचा व्हीजे.) आवाज बदलणं, नकला, एका वाक्यात तीन भाषा, हा जावेद यांचा हातखंडा. इथे एक गोष्ट ध्यानात घ्यायला हवी. त्या काळातले बरेच व्हीजे परदेशी उच्चाराचं इंग्रजी मिरवत. जावेद यांचा आधार होता मुंबईची बोली. टपोरी, हैदराबादी, भोपाळी, पारशी, सगळे सूर त्यांना अवगत. वडिलांच्या सूरमा भोपालीचा वारसा म्हणा हवं तर.

‘बुगी वुगी’मध्ये एवढं वेगळं काय होतं?

सोनी टीव्ही भारतात आला १९९५ मध्ये. पुढच्याच वर्षी, १९९६ मध्ये, ‘बुगी वुगी’ सुरू झालं. जावेद, त्यांचे भाऊ नावेद जाफरी आणि अभिनेता मित्र रवी बहल असं त्रिकूट. नावेद आणि रवी सूत्रं सांभाळत, जावेद परीक्षक. पण खरं सांगायचं तर तिघेही सगळंच करायचे. परीक्षण, टिंगल, मधेच उठून नाच.

नाव तसं हिप-हॉपचं नाहीच. बुगी वुगी ही विसाव्या शतकाच्या सुरुवातीची, आफ्रिकी-अमेरिकी लोकांची पियानो वाजवण्याची शैली. हिप-हॉपहून कितीतरी जुनी. कार्यक्रमातही शुद्ध हिप-हॉप नव्हतं. भरतनाट्यम, लावणी, भांगडा, मायकल जॅक्सनची नक्कल, प्रभुदेवाची नक्कल, सगळी मिसळ. १९९६ चं वातावरण आठवा. १ नोव्हेंबरला मायकल जॅक्सनचा मुंबईत अंधेरीच्या क्रीडा संकुलात कार्यक्रम झाला, शिवउद्योग सेनेच्या झेंड्याखाली. मूनवॉक हा शब्द ज्यांना इंग्रजी वाचता येत नव्हतं त्यांनाही माहीत झाला होता.

या मिसळीत जावेद यांनी केलेलं काम छोटं होतं, पण मोलाचं होतं. पोरगं जे नाचून गेलं त्याला त्याचं नाव सांगायचं. अंग झटक्याने थांबवत-सोडत केलेलं ते पॉपिंग. ते कॅलिफोर्नियाच्या फ्रेस्नोमधून बुगालू सॅम यांच्यामुळे पसरलं. हात फिरवून क्षणभर कुलूप लावल्यासारखं थांबणं ते लॉकिंग. ते लॉस एंजेलिसच्या डॉन कॅम्पबेल यांचं. जमिनीवरचं ते ब्रेकिंग. आपल्याकडे या सगळ्याला सरसकट ‘ब्रेक डान्स’ किंवा नुसतं ‘डिस्को’ म्हणायची पद्धत होती, गावाकडे अजूनही आहे. परीक्षक स्वतः नाचणारा असला की तो ‘छान, टाळ्या’ यापलीकडे काही सांगू शकतो.

दुसरी गोष्ट, अपमानाची. पुढे गाण्या-नाचाच्या स्पर्धांमध्ये परीक्षकाने स्पर्धकाला झापणं, त्याचं रडणं, मागे करुण संगीत, हे ठरून गेलं. ‘बुगी वुगी’ त्या आधीचं. एसएमएसने मतं मागायचा जमाना ‘इंडियन आयडॉल’बरोबर २००४ मध्ये आला. इथे थट्टा भरपूर व्हायची, पण ती थट्टा करणारे स्वतःचीही करायचे आणि मग स्पर्धकाबरोबर नाचायचे. मुलांचे भाग असत, आयांसाठी खास भाग असत. घरी पदर खोचून स्वयंपाक करणारी बाई टीव्हीवर मनसोक्त नाचतेय, हे दृश्य तेव्हा साधं नव्हतं.

त्या मंचावरून कोण कोण गेलं बघा. वडोदऱ्याचा धर्मेश येलांडे आधी ‘बुगी वुगी’त दिसला, मग ‘डान्स इंडिया डान्स’मध्ये, मग २०१३ च्या ‘एबीसीडी’ चित्रपटात. वसई-नालासोपाऱ्याच्या सुरेश मुकुंद यांचा गटही टीव्हीवरच्या अशाच स्पर्धांतून घडला. ‘किंग्ज युनायटेड’ या नावाने त्यांनी २०१५ मध्ये अमेरिकेत सॅन डिएगोला हिप-हॉप नृत्याच्या जागतिक स्पर्धेत कांस्यपदक मिळवलं आणि २०१९ मध्ये एनबीसी वाहिनीवरची ‘वर्ल्ड ऑफ डान्स’ जिंकून दहा लाख डॉलर घेऊन आले. ‘एबीसीडी २’ त्यांच्यावरच बेतलेला आहे. पश्चिम रेल्वेच्या लोकलने ये-जा करणारी ही पोरं.

नंदुरबारकडे हे सगळं कसं दिसत होतं? केबलची तार आधी शहरात, मग मोठ्या गावात, पाड्यावर सगळ्यात शेवटी. त्यात दोन हजारच्या दशकातलं भारनियमन. कार्यक्रमाच्या वेळेला वीज असेल तर नशीब. त्यामुळे सगळे भाग बघितले असं सांगणारं या भागात क्वचितच कुणी भेटेल. चार-पाच भाग बघितलेले असतात आणि त्यातल्या स्टेप मात्र अजून पायात असतात.

‘मुंभाई’ हे गाणं महत्त्वाचं का मानतात?

१९९८. (त्याच वर्षी १ जुलैला धुळ्यातून वेगळा होऊन नंदुरबार जिल्हा झाला.) कैझाद गुस्ताद यांचा ‘बॉम्बे बॉईज’ हा इंग्रजी चित्रपट आला. नसीरुद्दीन शाह, राहुल बोस, नवीन अँड्र्यूज अशी मंडळी त्यात होती. चित्रपट सगळ्यांना आठवत नाही, पण त्यातलं जावेद जाफरी यांचं ‘मुंभाई’ आठवतं. मुंबई आणि भाई या दोन शब्दांचा जोड. टोळीयुद्धाच्या सावलीतलं शहर, भाईगिरीचा रुबाब आणि पूर्ण गाणं बंबय्या बोलीत. म्हणजे मराठी, हिंदी, गुजराती, दख्खनी, इंग्रजी कुटून केलेल्या त्या भाषेत, जी मुंबईच्या रिक्षा स्टँडवर चालते आणि शाळेच्या पुस्तकात चालत नाही.

बाबा सहगल यांचा रॅप कुठल्याही शहरात घडू शकला असता. ‘मुंभाई’ दुसरीकडे घडूच शकत नाही. हिप-हॉपमध्ये यालाच किंमत आहे : तू कुठला, आणि तुझ्या जागेची भाषा तुझ्या तोंडात आहे का.

पुढची तारीखवारी माहीत आहेच. २०१४ मध्ये कुर्ल्याच्या नेझीचं ‘आफत’, २०१५ मध्ये डिव्हाइन आणि नेझीचं ‘मेरे गली में’, १४ फेब्रुवारी २०१९ ला झोया अख्तर यांचा ‘गली बॉय’, जो त्या वर्षी ऑस्करसाठी भारताची अधिकृत प्रवेशिका ठरला. या पोरांनी ‘मुंभाई’ ऐकूनच रॅप सुरू केला, असं म्हणणं मात्र ओढूनताणून होईल. त्यांच्या कानात अमेरिकी रॅपर होते. जावेद यांनी एवढंच दाखवून ठेवलं होतं, की ही बोली ठेक्यावर बसते.

आणि एक फरक लपवण्यात अर्थ नाही. जावेद हे सिनेमावाल्या घरातले, भाईचं सोंग उत्तम वठवणारे नट. नेझी आणि डिव्हाइन यांनी सोंग घेतलं नाही, ते आपल्याच घराबद्दल बोलत होते. ‘मुंभाई’त भाईगिरीची टर आहे, पण थोडी झिंगही आहे. गल्ली रॅपमध्ये पाण्याची रांग, पोलिसांची चौकी, दहा बाय दहाची खोली आली. सोंगाड्याने वाट मोकळी केली आणि मग त्या वाटेने घरचे लोक आले, असं म्हणू.

मराठीत, आदिवासी भागात हे पोहोचलं का?

पोहोचलं, आणि टीव्हीची वाट न बघता पोहोचलं. मुंबईच्या ‘स्वदेसी’ या गटातला एमसी मावली मराठीत रॅप करतो. याच गटाने २०१९ मध्ये ‘द वारली रिव्होल्ट’ आणलं. त्यात आरे जंगलातले आदिवासी कार्यकर्ते प्रकाश भोईर यांचा आवाज आहे. विषय जंगल आणि जमीन. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये मेट्रो कारशेडसाठी आरेतली झाडं रात्रीतून तोडली गेली, तेव्हा हे गाणं आंदोलनाच्या आसपास होतंच. सातपुड्यातल्या माणसाला त्यातला विषय समजावून सांगावा लागत नाही.

टीव्हीनेही नंतर हात पुढे केला. एमटीव्हीवर ऑगस्ट २०१९ मध्ये ‘हसल’ ही रॅपची स्पर्धा सुरू झाली. अमरावतीचा सौरभ अभ्यंकर ऊर्फ १०० आरबीएच याने तिच्या एका पर्वात वैदर्भी मातीतली मराठी घेऊन जाऊन परीक्षकांना थांबून ऐकायला लावलं. पुण्याचा एमसी स्टॅन तर फेब्रुवारी २०२३ मध्ये ‘बिग बॉस’ जिंकला, तेही तिथे फारसं न बोलता.

खानदेशाचं काय? २०११ च्या जनगणनेत नंदुरबारची लोकसंख्या १६ लाख ४८ हजार, त्यात अनुसूचित जमाती सुमारे ६९ टक्के. त्याच जनगणनेत देशभरात खानदेशी मातृभाषा सांगणारे १८ लाख ६० हजार आणि भिली गटातल्या भाषा सांगणारे १ कोटी ४ लाख. एवढी माणसं, पण दोन्हींपैकी एकही भाषा राज्यघटनेच्या आठव्या अनुसूचीत नाही. त्या भाषांतलं मनोरंजन टीव्हीने कधी केलंच नाही. ते लग्नातल्या बँडने केलं, मग कॅसेट आणि सीडीने, आता यूट्यूबने. ‘हाई झुमकावाली पोर’ हे अहिराणी गाणं महाराष्ट्रभर वाजलं ते कुठल्याही वाहिनीच्या मेहेरबानीशिवाय.

मग आता निवेदकाची गरज उरली का?

हा प्रश्न खरा. आमच्या डेस्कवर यावर दोन तट आहेत. एक म्हणतो, बरं झालं दलाल गेला. पूर्वी मुंबईला जा, ऑडिशनच्या रांगेत उभं राहा, हिंदीत बोला, तेव्हा कुठे तीन मिनिटं मिळणार. आज कोरीटमधला पोरगा दुपारी नाचतो आणि संध्याकाळपर्यंत सुरतेतल्या नातेवाइकाने ते बघितलेलं असतं. टीव्हीने केलेल्या पापांची यादीही लहान नाही. मुलांच्या नाचाचे कार्यक्रम पुढे इतके भरकटले, की जून २०१९ मध्ये केंद्रीय माहिती व प्रसारण मंत्रालयाला वाहिन्यांसाठी सूचना काढावी लागली : लहान मुलांकडून वयाला न शोभणाऱ्या हालचाली करून घेऊ नका.

दुसरा तट, ज्यात प्रस्तुत लेखक आहे, म्हणतो की अल्गोरिदम ओळख करून देत नाही. तो व्हिडिओ पुढे ढकलतो किंवा ढकलत नाही, एवढंच. किती सेकंद बघितलं, किती जणांनी पुढे पाठवलं, याची तो गणितं करतो. तू कुठला, हे कोणाकडून शिकलास, या स्टेपला काय म्हणतात, चुकलास तरी ही गोष्ट बरी होती, हे तो विचारत आणि सांगत नाही. शिवाय तो प्लॅटफॉर्मच एका रात्रीत नाहीसा होऊ शकतो. २९ जून २०२० ला टिकटॉकवर बंदी आली, तेव्हा गावोगावच्या पोरांचे हजारो व्हिडिओ आणि जमवलेले प्रेक्षक एकदम गेले. सुरक्षेची कारणं सरकारने दिली होती, त्यावर इथे वाद नाही. पण त्या पोरांचं नाव लक्षात ठेवणारा कुणी माणूस मधे नव्हता, हेही खरं.

निवेदक नसला की काय होतं, याचं जागतिक उदाहरण २०२४ च्या पॅरिस ऑलिम्पिकमध्ये दिसलं. ब्रेकिंग पहिल्यांदाच ऑलिम्पिकमध्ये होतं, ९ आणि १० ऑगस्टला. महिलांचं सुवर्ण जपानच्या अमीला, पुरुषांचं कॅनडाच्या फिल विझार्डला. पण जगभरच्या मोबाइलवर फिरली ती ऑस्ट्रेलियाची रेगन, जिला तिन्ही फेऱ्यांत एकही मत मिळालं नाही. तिच्या उड्यांवर मीम झाले. अमी कशी नाचली हे कितीजणांना आठवतं? मैदानावर एमसी होते, डीजे होते, कोणतं गाणं लागणार हे नाचणाऱ्यांना आधी माहीत नसायचं, ही सगळी गंमत त्या १५ सेकंदांच्या तुकड्यात राहिलीच नाही. संदर्भ गळून पडला आणि हसं तेवढं उरलं. २०२८ च्या लॉस एंजेलिस ऑलिम्पिकमध्ये ब्रेकिंग नाही.

जावेद जाफरी आज काय करतात?

चित्रपट आणि वेब मालिका चालू आहेत. ‘सलाम नमस्ते’ (२००५) आणि ‘धमाल’ (२००७) यांनी त्यांना विनोदी नट म्हणून पक्कं केलं. २०१४ मध्ये ‘आप’कडून लखनौतून लोकसभा लढले, हरले. ‘बुगी वुगी’ मधे मधे थांबत, पुन्हा सुरू होत २०१४ पर्यंत आलं.

पण माझ्या पिढीशी त्यांची ओळख झाली ती पोगो वाहिनीवर, आणि तिथे चेहरा नव्हताच. ‘ताकेशीज् कॅसल’ हा १९८६ ते १९९० दरम्यानचा जपानी खेळ. चिखलात पडणारी, दगडांवरून घसरणारी माणसं. मूळ बोलणं जपानीत. जावेद यांनी त्यावर हिंदी बोलपट चढवला : पडणाऱ्या प्रत्येकाला मनाने नाव दिलं, धंदा दिला, गाव दिलं, बायको-सासू दिली. होस्टेलच्या टीव्ही रूममध्ये वार्षिक परीक्षेच्या आदल्या रात्रीही तो आवाज चालू असायचा. तांत्रिकदृष्ट्या बघाल तर ते डबिंग होतं. प्रत्यक्षात तो रॅपच्या जन्मावेळचा एमसी होता, कोक ला रॉकसारखा. कोण कुठला माणूस धावत येतोय, त्याला नाव देऊन पुकारायचा, चिडवायचा, आणि पाण्यात पडला की पुढच्याकडे वळायचा.

कोरीट आणि आसपासच्या जिल्हा परिषद शाळांची स्नेहसंमेलनं जानेवारीच्या आसपास होतात. आता त्यात देशभक्तीपर गीत, आदिवासी नृत्य आणि शेवटी ‘हिप-हॉप’ असा क्रम असतो. माइकवर बहुतेक वेळा एखादे गुरुजी असतात. नृत्याचं नाव काय लिहू, असं ते पोरांना विचारतात. पोरं खांदे उडवतात. कागदावर ‘रिमिक्स डान्स’ असं पडतं आणि खाली नाचणाऱ्यांची नावं, प्रत्येकाच्या पुढे कंसात त्याच्या पाड्याचं नाव.